संकलकाचे नाव कुठे?

महोदय,

गणपती झाल्यावर आमच्या गावातल्या हॉलमध्ये जुने हिंदी चित्रपट दाखवले. उपक्रम छानच. पत्रकात नट, दिग्दर्शक, संगीतकार, छायालेखक सगळे होते. संकलक, म्हणजे चित्रित केलेले तुकडे कापून-जोडून चित्रपट बांधणारा एडिटर, तेवढा गायब. 'जाने भी दो यारो' (१९८३) च्या बाबतीत हे फारच खटकलं. शेवटचा महाभारताचा प्रवेश आठवा. द्रौपदीच्या साडीत प्रेत, मंचावर घुसलेले बिल्डर आणि काहीच पत्ता नसलेला धृतराष्ट्र. दशावतार बघत वाढलेल्या आम्हाला मंचावरचा गोंधळ नवा नाही, पण तो पहाटेपर्यंत रंगतो, तिथे कात्रीचा प्रश्नच येत नाही. इथे कोण कधी घुसतो आणि धृतराष्ट्राचा चेहरा नेमका कधी दिसतो, यावरच हशा. दोन-चार फ्रेम इकडेतिकडे झाल्या की विनोद मेलाच! सेकंदाला २४ फ्रेम, आणि तेव्हा फिल्म हाताने कापून जोडावी लागे.

हे काम रेणू सलुजांचं. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या. 'परिंदा', 'धारावी', 'सरदार' आणि 'गॉडमदर' यांच्या संकलनासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. २००० साली, पन्नाशीही गाठायच्या आत, त्या गेल्या.

आयोजकांना सांगून झालंय. पण आपल्या दैनिकातल्या चित्रपट परीक्षणांतही संकलकाचं नाव क्वचितच दिसतं. श्रेयनामावलीत एक ओळ वाढवायला फार जागा लागू नये.

– एक वाचक, वेंगुर्ले