वकीलसाहेब गेले, अपील मात्र चालू राहिलं: विधी सेवा समितीतल्या मॅडमना आभारपत्र

आदरणीय मॅडम,
सप्रेम नमस्कार.

मोफत कायदेशीर मदत देणाऱ्या विधी सेवा समितीत तुमच्या टेबलापुढे रोज कितीतरी माणसं कागद घेऊन बसतात, त्यामुळे मी आठवेनच असं नाही. घटस्फोटाच्या निकालाविरुद्ध हायकोर्टात अपील चालू असताना जिचे वकील अचानक वारले, ती मी. तुमचे आभार चारचौघांत मानावेत असं फार दिवस मनात होतं.

घरचे म्हणत होते, कोर्टाची नोटीस येईल, तोवर थांब. नोटीस येऊ शकते, हे तुम्हीही मान्य केलंत, पण तिच्या भरवशावर राहू नका असं बजावलंत. वकील वारले की त्यांचं वकीलपत्र संपतं, अपील संपत नाही. ते बोर्डावर, म्हणजे कोर्टाच्या सुनावणीच्या यादीत, येतच राहतं. पुकारा झाला आणि आपल्या बाजूने कोणीच उभं राहिलं नाही, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ४१, नियम १७ खाली ते गैरहजेरीत फेटाळता येतं. ते पुन्हा दाखल करून घ्यायचं तर अर्जाला मुदत ३० दिवस. ती गेली की विलंबमाफीसाठी वेगळी धडपड. माझा भाऊ म्हणाला, वकीलच नाही म्हटल्यावर कोर्ट सांभाळून घेईल. तुम्ही त्याला शांतपणे सांगितलंत, कोर्ट अडचण समजून घेतं, पण आधी विचारतं की तुम्ही स्वतः काय केलंत आणि कधी केलंत.

त्यानंतर तुम्ही जे समजावलंत, ते मला तोवर कोणीच सांगितलं नव्हतं. हिंदू विवाह कायद्याच्या कलम १५ प्रमाणे अपील फेटाळलं गेलं की दोघंही पुन्हा लग्न करायला मोकळे होतात. पैशाच्या दाव्यातलं अपील पुन्हा उभं राहिलं तर पैसे परत मागता येतात. इथे मधल्या काळात समोरच्याने लग्न केलं, तर आपलं अपील उभं राहूनही त्यात वाचवायचं काय उरलं, हा प्रश्न येतो. "आणि त्या नव्या बाईचा यात काय दोष?" असं तुम्ही विचारलंत. माझ्या न्यायासाठी झटताना न पाहिलेल्या एका बाईचाही विचार करणारं माणूस मला त्या इमारतीत भेटलं, याचं मोल मी कसं सांगू? तारीख सांभाळणं हे फक्त माझ्यापुरतं काम नाही, हे मला तेव्हा कळलं.

फाइल आणायला वकीलसाहेबांच्या घरी जायचं माझ्या जिवावर आलं होतं. दुःखाच्या घरात कागद कसे मागायचे? तुम्ही यादी करून दिलीत: अपील मेमो, निकालाची सर्टिफाइड कॉपी, अंतरिम अर्ज, त्यांवरचे हुकूम. आधी भेटून या, कागदांचं त्यांच्या ज्युनियरशी बोला, असंही सुचवलंत. त्या ज्युनियर ताईंनी सगळी फाइल नीट लावून दिली. त्यांचेही इथेच आभार.

मोफत वकील मिळण्यासाठी उत्पन्नाचा दाखला लागेल या काळजीत मी होते. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ खाली बाईला उत्पन्नाची अटच नाही, हे तुमच्याकडून कळलं. अर्जही तुम्ही समोर बसवून माझ्याच हाताने लिहून घेतलात. त्याच बैठकीत ई-कोर्ट्सच्या वेबसाइटवर सीएनआर क्रमांक, म्हणजे प्रत्येक प्रकरणाचा ओळख क्रमांक, टाकून पुढची तारीख कशी बघायची, हे शिकवलंत. "वकील आम्ही देऊ, तारखेवर डोळा तुमचा हवा," हे तुमचं वाक्य मी फाइलच्या आतल्या बाजूला लिहून ठेवलं आहे.

मागच्या तारखेला नवे वकील माझ्या बाजूने उभे राहिले. वकीलपत्र रेकॉर्डवर आलं, अपील आता अंतिम सुनावणीसाठी लागलं आहे. निकाल माझ्या बाजूने लागेलच असं तुम्ही एकदाही म्हणाला नाहीत, आणि म्हणूनच तुमच्या बाकीच्या प्रत्येक शब्दावर माझा विश्वास बसला.

अशीच वकिलाविना राहिलेली कोणी हे वाचत असेल, तर तिने १५१०० या राष्ट्रीय विधी सेवा हेल्पलाइनवर आजच फोन करावा. मॅडम, तुमचे मनापासून आभार.

आपली कृतज्ञ,
एक अपीलकर्ती