जमिनीतला आवाज आणि माळवदावरची माती

तीर्थरूप आई व बाबा यांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

रात्री पुन्हा जमीन गुरगुरली, मांडणीवरची भांडी वाजली आणि बाबा मात्र 'त्यात नवीन काय' म्हणून कूस बदलून झोपले, असे आईने फोनवर सांगितले. तेव्हापासून माझे मन थाऱ्यावर नाही. दादाशी बोलून मी एक गोष्ट ठरवली आहे. ती फोनवर सांगितली असती तर बाबांनी मला वाक्य पुरे करू दिले नसते, म्हणून लिहिते आहे. येत्या सोमवारपासून मिस्त्री येईल. अंगणात, लिंबाच्या पलीकडे, तुम्हा दोघांना झोपण्यासाठी एक हलकी पत्र्याची खोली उभी राहील, आणि पाऊस पूर्ण उघडल्यावर माळवदावरची, घराच्या त्या सपाट छतावरची, माती उतरवण्याचे काम निघेल. घर पाडायचे नाही. हे वाक्य बाबांनी पुन्हा एकदा वाचावे.

बाबा, तुमचे म्हणणे मला माहीत आहे. वसमत, औंढा, कळमनुरी या आपल्या पट्ट्यात हा आवाज वर्षानुवर्षे येतो, पांगरा शिंदेची माणसे त्याला सरावली आहेत, आणि आजवर आपल्या भिंतीचा एक दगडही हलला नाही. हे सगळे खरे आहे. आवाज म्हणजे संकट आलेच, असे मीही म्हणत नाही. जमिनीत फार खोल नसलेला लहानसा धक्का बसला, की त्याच्या सर्वांत वेगवान लहरी आधी वर पोहोचतात आणि जमिनीचा पृष्ठभाग कर्ण्याच्या पडद्यासारखा थरथरतो. त्यातला जो भाग आपल्या कानांना पकडता येतो, तो गुरगुराट म्हणून ऐकू येतो. हलवणाऱ्या लहरी मागून येतात, आणि धक्का लहान असेल तर त्या जाणवतही नाहीत. म्हणून पुष्कळदा नुसता आवाज येतो आणि बाकी काही होत नाही. 2022च्या सप्टेंबरात निलंगा तालुक्यातल्या हासोरीत असेच आवाज येत होते आणि माणसे रात्र रात्र घराबाहेर बसत होती.

परंतु 21 मार्च 2024 च्या सकाळी सहाच्या सुमारास आणि त्याच वर्षी 10 जुलैला आपल्या हिंगोली जिल्ह्यात 4.5 तीव्रतेचे धक्के बसले, तेव्हा नुसता आवाज नव्हता. आणि किल्लारीची गोष्ट मी तुम्हाला काय सांगावी! 30 सप्टेंबर 1993, पहाटे 3 वाजून 56 मिनिटे. गणपती विसर्जन करून माणसे नुकती झोपली होती. त्याच्या आदल्या वर्षीही तिथली जमीन अशीच अधूनमधून हलत होती. तिथे माणसे गेली ती मातीत रचलेल्या गोल दगडांच्या भिंती आणि वरची जड माती अंगावर आल्याने. अनेक घरांत लाकडी खांब-तुळयांचा सांगाडा उभाच राहिला होता. आपल्या घराचे खांब तर आजोबांनी पारखून घेतलेले सागवानी आहेत. त्यांच्यावरचा भार कमी केला, भिंतीत आरपार जाणारे दगड बसवले आणि खांब-तुळयांच्या जोडाला तिरपे आधार दिले, तर तेच घर पुढेही तुम्हाला सांभाळील. दर उन्हाळ्यात तुम्ही पांढरी माती चढवलीत, म्हणूनच आमच्या अंथरुणावर कधी थेंब पडला नाही. तुमच्या त्या कष्टाला नावे ठेवायला हे लिहीत नाही, बाबा. आता तो थर जड झाला आहे, इतकेच.

खोलीची काळजी करू नका. पत्रा तापतो म्हणून खाली बांबूचे तट्टे आणि वर कडब्याचे छप्पर घालायला सांगितले आहे. आईच्या गुडघ्यांसाठी उंबरा ठेवलेला नाही आणि कमोड जोडूनच आहे. देव हलवायचे नाहीत, देवघर आतच राहील. दिवसभर वावरही आतच करा, फक्त रात्री बाहेर झोपा. बाबांच्या खाटेशेजारी रेडिओपुरती फळी आहे, आणि खिडकीतून गोठा दिसेल अशीच तिची जागा काढली आहे, म्हणजे म्हैस हंबरली तर उठून जायला नको.

लहानपणी आवाज आला की मी बाबांच्या पोटाशी येऊन निजायची, आणि बाबा मला तळगावाची गोष्ट सांगायचे. आपल्या गावाच्या बरोबर खाली ते गाव, तिथे आपल्या दिवसाला रात्र आणि रात्रीला दिवस. तिथल्या गाड्या दगड भरून बाजाराला निघाल्या की आपल्याला चाके ऐकू येतात, आणि एका गाडीला मागे बांधलेले पांढरे वासरू माझे आहे. त्या वासराचे नाव मी आजवर कोणाला सांगितलेले नाही. इतक्या भीतीच्या आवाजातून तुम्ही मला झोपवलेत, बाबा. आता एवढे माझे ऐका.

खोली होईपर्यंत आईने पितळी हंडे आणि डबे उशाच्या फळीवरून आजच खाली उतरवावेत. धान्याच्या कोठीची भिंत सोडून दाराजवळ अंथरूण घालावे, दाराला आतून कुलूप लावू नये, बॅटरी आणि चपला हाताशी ठेवाव्यात. जमीन हलली तर दागिने, कागद, शेळ्या, काहीही घ्यायला मागे फिरू नये. आईच्या रक्तदाबाच्या गोळ्या एका पिशवीत घालून खुंटीला टांगाव्यात, आणि आवाज आला म्हणून रात्रीची गोळी चुकवू नये. आई, तू हे करतेस, मला माहीत आहे.

पैशांबद्दल बाबांनी एक शब्दही काढू नये. लेकीचे पैसे माहेरच्या घराला लागू नयेत, असे मनात आले तर दादानेही निम्मा वाटा उचलला आहे हे लक्षात घ्यावे. मी तर त्याच माळवदावर झोपून लहानाची मोठी झाले. मिस्त्री सोमवारी सकाळी आठला येईल. त्याला 'दिवाळीनंतर बघू' म्हणून परत पाठवू नका. चहा द्या आणि खुंट्या कुठे रोवायच्या ते बाबांनी स्वतः उभे राहून दाखवावे.

तुमची,
धाकटी