कागदी पिशवीवरची नावं

मस्यो,

मनातल्या मनात मी तुम्हाला काकाच म्हणते. पॅरिसजवळच्या सँ-तुआँच्या जुन्या बाजारात पाऊस चुकवायला तुमच्या रेकॉर्डांच्या गाळ्यात शिरलेली, मोडकंतोडकं फ्रेंच बोलणारी ती भारतीय मुलगी म्हणजे मी.

त्याआधीचा महिना फार वाईट गेला होता. दिग्दर्शक झाक दमीच्या 1964च्या ‘शेर्बूरच्या छत्र्या’ या फ्रेंच सिनेमात नायिका कॅथरीन दनव्हला जिचा आवाज आहे, त्या दानियेल लिकारीवर मला प्रबंध लिहायचा होता. ‘चेहरा दनव्हचा आहे ना? मग गायलं कोणी, ही तांत्रिक बाब झाली,’ असं म्हणून मार्गदर्शकांनी विषय परत केला. एका ऐटबाज दुकानात तर ‘दनव्ह स्वतःच गाते’ असं मलाच शिकवण्यात आलं! ज्या सिनेमात एकही वाक्य नुसतं बोललेलं नाही, पहिल्यापासून शेवटपर्यंत सगळं गायलेलं, आधी ध्वनिमुद्रित केलेलं आणि नटांनी त्यावर ओठ हलवलेले, तिथे गाणारी बाई तांत्रिक बाब?

तुम्ही हसला नाहीत. रेकॉर्ड लावलीत, स्टूल पुढे सरकवलंत आणि गिऱ्हाईक आलं तर त्यालाही थांबवलंत. पण मला आठवत राहते ती कागदी पिशवी. तिच्यावर तुम्ही दोन रकाने पाडलेत. दानियेल लिकारी, झोझे बार्तेल, क्रिस्तियान लग्राँ ही नावं आधी, ठसठशीत. दनव्ह, कास्तेलनुओवो, आन व्हेर्नों त्यांच्यासमोर, बारीक अक्षरात. आधी आवाज, मग चेहरा. काका, आमच्याकडे रेडिओवर गाणं लागण्याआधी गाणाऱ्याचं नाव सांगतात. परक्या शहरात कोणी माझ्या घरच्या रीतीने बोलतंय असं वाटलं, आणि मी तुमच्यासमोर वेड्यासारखी रडले.

दमीच्याच 1967च्या ‘रोशफोरच्या मुली’ या सिनेमात दनव्हचा आवाज बदलला, तिथे आन जेर्में गायली, हे तुम्हीच सांगितलंत. प्रमुख नटांपैकी एकट्या दानियेल दारियनेच स्वतःचं गाणं स्वतः म्हटलं, हे सांगताना तर तुम्ही घरातल्या आत्याचं कौतुक केल्यासारखे खुलला होता. निघताना तुम्ही लिकारीची 1969ची ‘एका आवाजासाठी कॉन्चेर्तो’ ही रेकॉर्ड हातात ठेवलीत. इतकी वर्षं दुसरीच्या तोंडून गाणाऱ्या बाईला स्वतःचं गाणं मिळालं आणि त्यात एक शब्द नाही. नुसता गळा. मी ती रात्री तीनदा ऐकली. शेजारीण भिंतीवर ठोकत होती.

पैसे घेतले नाहीत तुम्ही. अशी माणसं आहेत म्हणून परदेशात तग धरता येतो, नाहीतर पदव्या घेतलेले शहाणे गल्लोगल्ली आहेत.

पिशवी टेबलासमोर चिकटवली होती. खिडकीतून पाऊस आत आला आणि लिकारीतलं ‘री’ पुसट झालंय. येत्या रविवारी घेऊन येते. पेन तुमचंच लागेल, अक्षरही तुमचंच.

तुमची,
रडकी विद्यार्थिनी