केस परत आले, तरी गोळी थांबता कामा नये : आरोग्यमंत्र्यांना खुले पत्र

माननीय आरोग्यमंत्री महोदय,
सादर नमस्कार.

मी लहान मुलांच्या कर्करोग विभागात परिचारिका आहे. ल्युकेमिया म्हणजे रक्ताचा कर्करोग झालेल्या मुलांना शिरेतून औषधे देणे, त्यांच्या तापावर लक्ष ठेवणे आणि घरी द्यायच्या गोळ्यांचे वेळापत्रक त्यांच्या आईवडिलांना समजावून सांगणे हे माझे रोजचे काम. औषध ठाऊक असूनही काही मुले दगावतात, कारण ते औषध पुरेसे दिवस त्यांच्या पोटात जात नाही. हे थांबवणे आपल्या अधिकारात आहे, म्हणून हे पत्र.

मुलांच्या कर्करोगांत ल्युकेमियाचे प्रमाण सर्वांत जास्त आहे आणि त्यातील सुमारे तीन चतुर्थांश मुलांना तीव्र लिम्फोब्लास्टिक ल्युकेमिया, म्हणजे आमच्या बोलण्यातला ‘एएलएल’, झालेला असतो. अस्थिमज्जेत, म्हणजे हाडांच्या आतल्या रक्त तयार करणाऱ्या मगजात, अपक्व पेशी बेसुमार वाढतात आणि निरोगी रक्तपेशी तयार व्हायला जागा उरत नाही. त्यामुळे मूल फिकट पडते, अंगावर कारण नसताना काळेनिळे डाग उमटतात, ताप हटत नाही. पुष्कळदा पहिली तक्रार हाडे दुखण्याची असते. दोन ते पाच वर्षांचे मूल लंगडू लागते, कडेवरून उतरायला तयार होत नाही, आणि संधिवात समजून त्याला स्टिरॉइड सुरू केले जाते. स्टिरॉइड हे एएलएलवरच्या औषधांपैकीच एक असल्यामुळे मूल काही आठवडे बरे दिसते, रोगाच्या खुणा पुसट होतात आणि निदान लांबते. अशा मुलाच्या रक्तपेशींची मोजणी करून, काचपट्टीवरचे रक्त जाणत्या नजरेने तपासून आणि शंका उरली तर अस्थिमज्जा पाहूनच स्टिरॉइडचा विचार व्हावा, ही सूचना प्रत्येक दवाखान्यापर्यंत लेखी पोहोचवावी, अशी माझी विनंती आहे.

१९४८ साली बॉस्टनमध्ये डॉ. सिडनी फार्बर यांनी ॲमिनोप्टेरिन देऊन काही मुलांचा आजार तात्पुरता मागे हटवला. ते औषध भारतीय शास्त्रज्ञ येल्लाप्रगडा सुब्बाराव यांच्या चमूने तयार केले होते. तो आराम काही महिनेच टिकला. एका औषधाने भागत नाही, अनेक औषधे एकत्र आणि दीर्घकाळ द्यावी लागतात, हे त्यानंतरच्या दोन दशकांत सिद्ध झाले, आणि आज श्रीमंत देशांत एएलएल झालेल्या दर दहा मुलांपैकी सुमारे नऊ जगतात.

उपचाराच्या पहिल्या चार-पाच आठवड्यांत सदाफुलीपासून मिळणारे व्हिन्क्रिस्टिन, स्टिरॉइड आणि ॲस्परॅजिनेज ही औषधे देतात, आणि मेंदूच्या आवरणांपर्यंत रक्तातली औषधे नीट पोहोचत नसल्यामुळे पाठीच्या कण्यातून मेथोट्रेक्सेटही देतात. या टप्प्याच्या अखेरीस बहुतेक मुलांच्या अस्थिमज्जेत सूक्ष्मदर्शकाखाली रोग दिसत नाही. तरीही तो संपलेला नसतो. दहा हजारांत एक रोगट पेशी शोधणारी तपासणी करून पुढचे उपचार किती तीव्र ठेवायचे ते ठरवावे लागते. मग काही महिने तीव्र औषधे, आणि त्यानंतर देखभालीचा लांबलचक टप्पा : रोज मर्कॅप्टोप्युरिनची गोळी आणि आठवड्यातून एकदा मेथोट्रेक्सेट. सगळे मिळून दोन ते तीन वर्षे.

महोदय, आमची मुले हातची जातात ती बरेचदा याच टप्प्यात. मुलाचे औषधांनी गळलेले केस परत आलेले असतात, ते शाळेत जाऊ लागलेले असते, घरची ओढाताण मात्र संपलेली नसते. “सिस्टर, आता तर हा खेळतोय, मग गोळी कशाला?” हा प्रश्न मला दर आठवड्याला ऐकावा लागतो आणि तो विचारणाऱ्या आईला मी दोष देऊ शकत नाही. पण शंभरातल्या पाचाहून अधिक मात्रा चुकल्या तर आजार उलटण्याचा धोका स्पष्टपणे वाढतो, आणि उलटलेला आजार बरा करणे पहिल्यापेक्षा फार कठीण असते. दुसरी चूक त्याहून भयंकर आहे : आठवड्याला एकदा द्यायचे मेथोट्रेक्सेट गैरसमजाने रोज दिले गेले तर त्याची विषबाधा जिवावर बेतू शकते. म्हणून गोळीच्या पाकिटावर घरच्यांना वाचता येईल अशा भाषेत ठळक अक्षरांत वार लिहिलेला असावा, असा माझा आग्रह आहे.

मर्कॅप्टोप्युरिन आणि मेथोट्रेक्सेट या दोन्ही गोळ्यांचा साठा वर्षभर खंड न पडता उपलब्ध राहावा. ॲस्परॅजिनेजची खरेदी केवळ दर पाहून होऊ नये, कारण निकृष्ट औषध दिल्यास उपचार झाल्याची नोंद होते, परिणाम मात्र होत नाही. ठरल्या दिवशी मूल आले नाही तर दुसऱ्याच दिवशी त्याच्या घरी फोन करणे हे कोणाच्या तरी नेमून दिलेल्या कामात असावे. आज आम्ही ते जमेल तसे, ड्यूटी संपल्यावर करतो. प्रवासाचा आणि राहण्याचा खर्च हाही उपचाराचाच भाग धरावा. आणि तापाबद्दल तर मला अगदी कळकळीने सांगायचे आहे : केमोथेरपी चालू असलेल्या मुलाला ताप येणे ही आणीबाणी असते. ते ज्या रुग्णालयात प्रथम पोहोचेल तिथेच, तासाभरात, शिरेतून प्रतिजैविक सुरू झाले पाहिजे. मोठ्या केंद्राकडे पाठवण्याची चिठ्ठी लिहिण्यात तो तास जाऊ नये.

कार-टीसारख्या (रुग्णाच्याच रोगप्रतिकारक पेशींत बदल करून त्या कर्करोगाविरुद्ध वापरणाऱ्या) नव्या उपचारपद्धतींचे मी मनापासून स्वागत करते, कारण आजार उलटलेल्या काही मुलांना त्यांनी जीवदान दिले आहे. परंतु निधीचा क्रम ठरवताना आजार उलटूच नये यासाठीची गोळी आधी यावी, असे माझे स्पष्ट मत आहे. जागतिक आरोग्य संघटनेने २०१८ मध्ये ठरवलेले उद्दिष्ट, २०३० पर्यंत कर्करोग झालेल्या मुलांपैकी किमान ६० टक्के मुले जगवण्याचे, आपल्यासमोर आहेच.

देखभालीचे उपचार चालू असलेल्या मुलांची नोंद ठेवणारी एक वही आम्ही विभागात वापरतो. कोण कधी यायचे, कोण आले नाही, कोणाची गोळी कधी संपेल, हे तिच्यात एका पानावर दिसते. ती पद्धत आपल्या अधिकाऱ्यांना समजावून सांगायला मी कधीही येईन.

आपली विश्वासू,
बालकर्करोग विभागातील एक परिचारिका