ज्यू मुंबईची फेरी मांडवीतून निघावी, आणि मराठीतून व्हावी

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

गेल्या काही वर्षांत मुंबईतील वारसाफेऱ्यांना बरे दिवस आले आहेत आणि शहरातील ज्यू वास्तू दाखवणाऱ्या पायी फेऱ्याही त्यांत सामील झाल्या आहेत, ही समाधानाची बाब आहे. काळा घोडा परिसरातील केनेसेथ एलियाहू हे १८८४ मधील सिनेगॉग, म्हणजे ज्यूंचे प्रार्थनागृह, जीर्णोद्धारानंतर २०१९ मध्ये पुन्हा खुले झाले, तेव्हापासून या विषयाकडे तरुणांचेही लक्ष वळलेले दिसते. मात्र या फेऱ्यांचा मार्ग, त्यांची भाषा आणि त्यांत सांगितली जाणारी हकिगत यांविषयी काही आक्षेप नोंदवणे मला आवश्यक वाटते.

मी ज्या फेरीत सहभागी झालो होतो, ती काळा घोड्याहून निघाली, डेव्हिड ससून ग्रंथालयापाशी बराच वेळ थांबली आणि भायखळ्याच्या मागेन डेव्हिड सिनेगॉगपाशी संपली. मार्गदर्शकांची तयारी चांगली होती, इंग्रजी सफाईदार होते. परंतु मुंबईतील ज्यूंचा इतिहास म्हणजे बगदादहून आलेल्या ससून या व्यापारी घराण्याचा इतिहास, अशीच ऐकणाऱ्यांची समजूत व्हावी अशी एकंदर मांडणी होती. मांडवीचा उल्लेख झाला तो ‘तिकडे फार गर्दी असते, म्हणून आपण जात नाही’ एवढ्यापुरता. इतर आयोजकांच्या जाहिरातींतील मार्गही बहुधा याच दोन टोकांमध्ये फिरतात, आणि मुंबईच्या ज्यू वस्तीचे मूळ ज्या गल्ल्यांत आहे त्या गल्ल्या बाजूलाच राहतात.

शहरातील सर्वांत जुने सिनेगॉग मांडवीत आहे. शार हारहामीम, म्हणजे दयेचे द्वार, या नावाचे हे प्रार्थनागृह सॅम्युएल इझिकेल ऊर्फ समाजी हसाजी दिवेकर यांनी १७९६ मध्ये स्थापन केले. डेव्हिड ससून बगदाद सोडून मुंबईत आले ते १८३२ च्या सुमारास, म्हणजे त्यानंतर तीन-साडेतीन दशकांनी. हा एक सनावळीचा तपशील सांगितला तरी ‘सारे काही ससूनांनी उभारले’ हा समज आपोआप गळून पडेल. दिवेकर हे ईस्ट इंडिया कंपनीच्या फौजेतील अधिकारी होते. म्हैसूरच्या युद्धात ते टिपू सुलतानाच्या कैदेत पडले आणि आपण बेने इस्रायल, म्हणजे कोकणातील मराठीभाषक ज्यू, असल्याचे सांगितल्यावर सुलतानाच्या मातेने रदबदली करून त्यांचे प्राण वाचवले, अशी आख्यायिका समाजात सांगितली जाते. सुटकेनंतर कृतज्ञतेपोटी त्यांनी हे सिनेगॉग बांधले, असे म्हणतात. आख्यायिका आख्यायिका म्हणूनच सांगावी, पण सांगावी जरूर, कारण ज्या सॅम्युएल स्ट्रीटवरून आज मालाच्या हातगाड्या ढकलल्या जातात तिचे नाव या गृहस्थांशी जोडले जाते आणि लोकलच्या मशीद स्थानकाच्या नावाचा संबंधही याच वास्तूशी लावला जातो. बेने इस्रायली मंडळी आपल्या प्रार्थनागृहाला मशीदच म्हणत असत.

१८६० मध्ये सध्याच्या जागी आलेली ही वास्तू बाहेरून पाहणाऱ्याच्या नजरेत सहज भरत नाही, आणि कदाचित म्हणूनच छायाचित्रांच्या हौशी मंडळींना तिचे आकर्षण वाटत नसावे. आत मात्र पाहण्यासारखे आणि मुख्यतः समजून घेण्यासारखे पुष्कळ आहे. मधोमध कठड्याचा लाकडी चौथरा, त्याभोवती बाके, वरच्या बाजूला स्त्रियांसाठी सज्जा, छताला टांगलेले दिवे. तोराच्या, म्हणजे ज्यूंच्या धर्मग्रंथाच्या, गुंडाळ्या ठेवण्याचे कपाट पश्चिमेच्या भिंतीला, कारण येथून जेरुसलेम पश्चिमेला आहे. युरोपातील सिनेगॉगमध्ये हेच कपाट बहुधा पूर्वेला असते. दिशांमधला एवढा फरक जागेवर उभे राहून दाखवला, तर कोकणच्या किनाऱ्यावर बसून जेरुसलेमकडे तोंड करणाऱ्या माणसांचे जग ऐकणाऱ्याच्या चटकन ध्यानात येते. सभागृहातील व्याख्यानात ते येत नाही, आणि पायी फेरीचे खरे प्रयोजन मला तरी तेथेच दिसते.

या माणसांची मातृभाषा मराठी होती आणि आजही आहे, याचा विसर फेरीच्या आयोजकांना पडावा हे मला सर्वांत खटकले. नवगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटून वाचलेल्या कुटुंबांपासून आपला वंश चालला असे बेने इस्रायल मानतात. कुलाब्याच्या, म्हणजे आजच्या रायगडच्या, गावांत ते तेलाचे घाणे चालवत, शनिवारी घाणा बंद ठेवत, म्हणून गावकऱ्यांनी त्यांना ‘शनवार तेली’ म्हटले. पेणकर, रोहेकर, अष्टमकर, दिवेकर, केहीमकर ही त्यांची आडनावे म्हणजे अलिबाग-पेण-रोह्याचा नकाशाच आहे. अठराव्या शतकाच्या मध्यापासून ही कुटुंबे मुंबईत येत गेली. कोणी पलटणीत भरती झाले, कोणी सुतारकाम-गवंडीकाम केले, पुढे अनेकजण कचेऱ्यांमध्ये कारकून झाले, आणि मांडवी-डोंगरीच्या परिसरात ज्याला इस्रायल मोहल्ला म्हणतात ती वस्ती आकाराला आली. नव्याचा सण, खिरीचा सण, दारफाळणीचा सण, बिरड्याचा रोजा ही त्यांच्या सणा-उपवासांची जुनी नावे. वालाचे बिरडे करणाऱ्या कोणत्याही मराठी घराला यांतील शेवटच्या नावाची ओळख पटवून द्यावी लागणार नाही, पण इंग्रजी निवेदनात या नावांना जागाच उरत नाही.

ज्यूंच्या वल्हांडण सणाच्या रात्री वाचली जाणारी हग्गादा ही पोथी मराठी भाषांतरासह मुंबईत १८४६ मध्ये आणि पुण्यात १८७४ मध्ये छापली गेली. १८८० च्या सुमारास हिंदू कीर्तनाच्या धर्तीवर बायबलमधील आख्याने मराठी कीर्तनांत बांधण्याची प्रथा या समाजात सुरू झाली. हाईम सॅम्युएल केहीमकर यांनी १८७५ मध्ये सुरू केलेली इस्रायली शाळा आज माझगावात सर एली कदूरी शाळा म्हणून ओळखली जाते. वरळीच्या ज्या ई. मोझेस मार्गावरून आपण रोज जातो, त्याचे नाव १९३७ मध्ये मुंबईचे महापौर झालेल्या डॉ. एलिजा मोझेस राजपूरकर यांचे आहे, हे आपल्यापैकी किती जणांना ठाऊक असेल? वरळीच्याच ज्यू दफनभूमीतील जुन्या शिळांवर हिब्रूखाली देवनागरीत मजकूर कोरलेला आढळतो. इतकी सामग्री मराठीत उपलब्ध असताना फेरी मात्र इंग्रजीतच का व्हावी, याचे उत्तर ‘परदेशी पर्यटक येतात’ असे दिले जाते. ते येतात हे खरे. पण मराठी शाळांतील मुले, महाविद्यालयांतील इतिहासाचे विद्यार्थी आणि माझ्यासारखे निवृत्त लोक यांच्यासाठी महिन्यातून एक फेरी मराठीतून काढणे मुळीच अवघड नाही.

दुसरा मुद्दा हकिगतीच्या प्रामाणिकपणाचा आहे. ससून घराण्याने या शहराला ग्रंथालय, शाळा, गोदी आणि प्रार्थनागृहे दिली, त्याबद्दल मुंबई आणि पुणे ही दोन्ही शहरे त्यांची ऋणी आहेत. परंतु त्या संपत्तीत कापसाबरोबरच चीनला जाणाऱ्या अफूच्या व्यापाराचाही मोठा वाटा होता, हे सांगताना मार्गदर्शकांनी आवाज खाली आणण्याचे कारण नाही. त्याचप्रमाणे बगदादी, म्हणजे ससूनांसारखे बगदादकडून आलेले ज्यू, आणि बेने इस्रायल हे दोन समाज एकजिनसी नव्हते. एका दफनभूमीत दोघांच्या कबरींमध्ये भिंत घालून मिळावी, असा अर्ज बगदादी मंडळींनी १८३६ मध्ये सरकारकडे केला होता. कोकणातून आलेल्या, मराठी बोलणाऱ्या, कष्टाची कामे करणाऱ्या ज्यूंना आपल्या बरोबरीचे मानायला हे श्रीमंत व्यापारी तयार नव्हते. पुढे इस्रायलमध्ये गेल्यावरही विवाहाच्या बाबतीत बेने इस्रायलांच्या धर्मशुद्धतेविषयी शंका घेतली गेली आणि १९६४ पर्यंत त्यांना त्यासाठी झगडावे लागले. आजच्या फेऱ्यांत नेमकी हीच भिंत पुन्हा उभी राहते, फरक इतकाच की एका बाजूचे लोक आता दिसेनासेच झाले आहेत.

फेऱ्यांच्या वेळेबाबतही थोडा विचार व्हायला हवा. सुटीचा दिवस म्हणून कित्येक फेऱ्या शनिवारी ठेवल्या जातात, आणि शनिवार हा तर शब्बाथ, ज्यूंचा विश्रांतीचा पवित्र दिवस. त्या दिवशी सिनेगॉगमध्ये छायाचित्रे घेता येत नाहीत, पैशांचा व्यवहार करता येत नाही, आणि उपासना चालू असताना पंचवीस जणांचा घोळका दारात उभा राहणे कोणालाही रुचणार नाही. स्वातंत्र्याच्या सुमारास वीस हजारांच्या घरात असलेला हा समाज स्थलांतरामुळे घटत गेला. आज देशभरातील सर्व ज्यू मिळून चार-पाच हजारच आहेत. सामुदायिक प्रार्थनेसाठी तेरा वर्षांवरील दहा पुरुष लागतात आणि जुन्या वस्त्यांत ते दहाजण जमवताना दमछाक होते. जेथे एवढ्या कष्टाने प्रार्थना टिकवून धरली जाते, त्या जागेकडे संग्रहालय म्हणून पाहणे उचित नाही. २००८ मध्ये कुलाब्याच्या नरिमन हाउस या ज्यू केंद्रावर झालेल्या हल्ल्यानंतर प्रार्थनागृहांत प्रवेशासाठी ओळखपत्र व पूर्वपरवानगी मागितली जाते, त्यावरही काही सहभागी कुरकुरताना मी ऐकले. ती कुरकुर आयोजकांनीच नोंदणीच्या वेळी थांबवायला हवी. रविवार सकाळ मला सर्वांत सोयीची वाटते, कारण तेव्हा शब्बाथ उलटलेला असतो आणि मांडवीचा घाऊक बाजारही थंडावलेला असतो.

बाजार चालू असताना तेथे जायचेच असेल, तर दहा-बाराजणांपेक्षा मोठा गट नेऊ नये. पाठीवर पोते घेतलेल्या हमालाला ‘जरा थांबा, फोटो चालू आहे’ असे सांगणारे पर्यटक मी इतर वारसाफेऱ्यांत पाहिले आहेत. आज या गल्ल्यांत प्रामुख्याने मुसलमान आणि गुजराती-कच्छी कुटुंबे राहतात व व्यापार करतात. भायखळ्याच्या ससून शाळेतही बहुसंख्य विद्यार्थी मुसलमान आहेत. या शेजाराची हकिगत हादेखील ज्यू मुंबईच्या इतिहासाचाच भाग असल्याने त्या रहिवाशांकडे केवळ वाटेतली गर्दी म्हणून पाहणे हा अन्यायच म्हणावा लागेल.

बाहेरची दोन उदाहरणे येथे उपयोगी पडतील. कोचीच्या मट्टनचेरीतील परदेशी सिनेगॉग १५६८ मधले; ते आणि त्यासमोरची ज्यू टाऊनची गल्ली पाहायला वर्षभर रीघ लागलेली असते, पण तेथील ज्यू कुटुंबे बोटांवर मोजण्याइतकीही उरली नाहीत आणि दुतर्फा शोभेच्या व जुन्या वस्तूंची दुकाने तेवढी गजबजली आहेत. उलट प्रागमध्ये ज्यू संग्रहालय १९९४ मध्ये ज्यू समाजाच्या संस्थांकडे परत सोपवण्यात आले, आणि तेथे एकाच तिकिटावर अनेक जुनी सिनेगॉग व दफनभूमी पाहता येतात. अर्थात प्रागचे प्रमाण आणि तेथील भयंकर इतिहास वेगळा आहे. पण वास्तूंची सूत्रे समाजाच्या हाती राहावीत आणि पाहुण्यांचा पैसा वास्तूंकडे यावा, ही दोन तत्त्वे आपल्याला सहज उचलता येतील. फेरीचे शुल्क आयोजक घेतो, सिनेगॉगच्या वाट्याला पेटीत पडलेल्या चार नोटा येतात, आणि पावसाळ्यात छत गळले की विश्वस्त देणगीसाठी फिरतात, असा प्रकार असेल तर त्या फेरीला वारसाफेरी म्हणण्यात अर्थ नाही.

राज्य सरकारने २०१६ मध्ये ज्यू समाजाला अल्पसंख्याक दर्जा दिला आहे. त्याला धरून पर्यटन विभागाने विश्वस्तांना सोबत घेऊन मशीद स्थानक, शार हारहामीम, इस्रायल मोहल्ला, माझगावची शाळा आणि अखेरीस भायखळा असा मार्ग आखावा, शुल्काचा ठरावीक हिस्सा दुरुस्तीसाठी राखून ठेवावा आणि बेने इस्रायली तरुण-तरुणींनाच मार्गदर्शक म्हणून प्रशिक्षण द्यावे, अशी माझी सूचना आहे. हे प्रशिक्षण देताना इस्रायलमधून आजोबांचे घर शोधत येणाऱ्या मराठी ज्यूंच्या आठवणी टिपून ठेवल्या, तर कोणत्या चाळीत कोण राहत होते हे सांगता येईल. त्या चाळी पुनर्विकासात पाडल्या जाण्यापूर्वी ते झालेले बरे.

आपल्या दैनिकाकडेही एक विनंती आहे. अशा फेऱ्यांची पूर्वसूचना छापताना फेरी कोणत्या भाषेत आहे, प्रार्थनागृहाच्या विश्वस्तांची परवानगी घेतली आहे का आणि शुल्कातला किती भाग वास्तूला जाणार आहे, ही माहिती आयोजकांकडून मागून घ्यावी आणि वेळ व ठिकाणासोबत छापावी.

आपला,
एक निवृत्त शिक्षक, मुंबई