तेच मूल, तेच यंत्र, सहा वर्षे: वैद्यकीय शिक्षण मंत्र्यांना खुले पत्र

प्रति,
मा. वैद्यकीय शिक्षण मंत्री,
महाराष्ट्र राज्य

विषय: सिकल सेल (तांबड्या रक्तपेशी विळ्यासारख्या वाकवणारा आनुवंशिक आजार) असलेल्या मुलांच्या मेंदूतील जोडण्या वयानुसार कशा बदलतात याच्या अभ्यासासाठी नागपुरातील एका शासकीय एमआरआय यंत्रावर रविवारची वेळ राखून ठेवण्याबाबत.

मा. मंत्री महोदय,
सप्रेम नमस्कार.

मागणी छोटी आहे, म्हणून ती आधीच मांडतो. नागपुरातील एका शासकीय रुग्णालयातले एमआरआय यंत्र, शक्य तर ३ टेस्ला ताकदीच्या चुंबकाचे, दर रविवारी सकाळी ७ ते ११ या कामासाठी मिळावे आणि ही सोय आठ वर्षे मोडू नये. ‘मेडिकल’मध्ये की ‘मेयो’त (नागपूरची दोन शासकीय वैद्यकीय महाविद्यालये), ते शासनाने ठरवावे. मिहानमधल्या एम्सशी जुळत असेल तर तिथे केंद्राकडे आपला शब्द लागेल. रविवारी ओपीडी बंद असते, नेमून दिलेले स्कॅन नसतात. अपघाताचा रुग्ण आला तर मूल टेबलावरून उतरेल, याबद्दल दुमत नाही.

एवढ्या लांबच्या मुदतीचे कारण समजावे म्हणून थोडे मूळ विषयाकडे. एमआरआयला मेंदूतल्या पेशी बोलताना दिसत नाहीत. एखादा भाग कामाला लागला की तिथे रक्त वाढते, ऑक्सिजन सोडलेल्या हिमोग्लोबिनचे प्रमाण घटते आणि त्याने चुंबकीय संकेतात किंचित फरक पडतो. सेइजी ओगावा यांनी १९९० मध्ये दाखवलेला हा ‘बोल्ड’ संकेत. पुढे १९९५ मध्ये भरत बिस्वाल आणि सहकाऱ्यांना दिसले की माणूस काहीही न करता पडून असला, तरी हालचालीच्या डाव्या-उजव्या केंद्रांतले चढउतार एकाच तालात चालतात. दोन भागांच्या अशा समतालाला कार्यात्मक जोडणी म्हणतात. ही जोडणी काळानुसार बदलते. मात्र काळ म्हणजे किती, हे आधी ठरवावे लागते. तंद्री लागली की काही सेकंदांत बदलते, नवे कौशल्य शिकताना आठवड्यांत बदलते, आणि आठ ते अठरा या वयात वर्षानुवर्षे बदलत राहते.

सेकंदांतला बदल मोजण्याचा मोह फार मोठा आहे, कारण त्याला एकच स्कॅन पुरतो. दहा मिनिटांचा स्कॅन घ्यायचा, त्यावर एका मिनिटाची खिडकी, म्हणजे एका मिनिटाचा तुकडा, सरकवत न्यायची आणि प्रत्येक खिडकीत सहसंबंध, म्हणजे दोन भागांचे चढउतार किती जुळतात याचा आकडा, काढायचा. आकडे वरखाली होतात, सुंदर रंगीत चित्रे तयार होतात, प्रबंध होतो. याचा हिशेब सोपा आहे. दर २ सेकंदांनी एक प्रतिमा घेतली तर एका मिनिटात ३० नोंदी होतात. दोन भागांतला खरा सहसंबंध ०.३ असेल आणि तो तसूभरही बदलत नसेल, तरी ३० नोंदींच्या नमुन्यात केवळ योगायोगाने उणे ०.०७ पासून ०.६० पर्यंत काहीही हाती येऊ शकते. त्यातही बोल्ड संकेत संथ आहे, शेजारशेजारच्या नोंदी एकमेकींवर अवलंबून असतात, त्यामुळे खरी अनिश्चितता याहून जास्त. संकेतातली सर्वांत मंद लाट ०.०१ हर्ट्झची, म्हणजे १०० सेकंदांत एकदा येणारी, ठेवली तर खिडकी निदान १०० सेकंदांची हवी, हा नियम २०१५ पासून छापील आहे. तरीही ३० सेकंदांच्या खिडक्यांवर निष्कर्ष निघतात. बदल खरा आहे हे म्हणण्याआधी न बदलणारा कृत्रिम डेटा तयार करून त्यालाही तीच कसोटी लावावी लागते. बहुतेक नाट्य तिथेच संपते. उरलेल्यात मोठा वाटा डोके हलण्याचा आणि झोपेचा. डोळे मिटून निवांत पडायला सांगितलेल्यांपैकी सुमारे एक तृतीयांश जण तीन मिनिटांत जागेपण गमावतात, असे २०१४ मध्ये प्रसिद्ध झाले आहे.

म्हणून आम्हाला सेकंदांचा अभ्यास नको, वर्षांचा हवा आहे. आणि तो इथे, विदर्भात, सिकल सेलच्या मुलांचा हवा आहे.

सिकल सेल अ‍ॅनिमियात लक्षण न दाखवताच मेंदूतला बारीकसा भाग मरू शकतो. अमेरिकेतल्या अभ्यासांत अशा मुलांपैकी एक तृतीयांशाहून अधिकांत अठराव्या वर्षापर्यंत या मूक जखमा आढळल्या. पण आपल्याकडच्या सिकल सेलचा जनुकीय प्रकार वेगळा आहे, त्यात गर्भावस्थेतले हिमोग्लोबिन जास्त टिकते आणि आजार अनेकदा सौम्य वाटतो. मग मेंदूही तितकाच सुरक्षित राहतो का? अमेरिकेचे आकडे उसने घेऊन गडचिरोली, चंद्रपूर, गोंदियाच्या मुलांबद्दल हे सांगता येणार नाही. राष्ट्रीय सिकल सेल निर्मूलन मोहीम १ जुलै २०२३ ला सुरू झाली. तिच्यात तपासणी आणि ओळखपत्रे आहेत. या मुलांच्या मेंदूचे वाढत्या वयात काय होते, तो प्रश्न वेगळा आणि आपल्या खात्याच्या आवाक्यातला आहे.

नेमके या आजारातच मोजमाप सर्वांत फसवे होते, आणि आमची सर्वांत जास्त काळजी या मुद्द्याची आहे. बोल्ड संकेत हिमोग्लोबिनवर उभा. सिकल सेलमध्ये हिमोग्लोबिन कमी, त्याची भरपाई म्हणून मेंदूकडे जाणारा रक्तप्रवाह जास्त, त्यामुळे गरज पडल्यावर आणखी वाढायला वाव थोडा. म्हणजे मेंदूपेशी अगदी शेजारच्या निरोगी मुलासारख्या वागत असतील तरी संकेत वेगळा येईल. पहिल्या आणि दुसऱ्या स्कॅनच्या मध्ये हायड्रॉक्सियुरिया हे सिकल सेलवरचे औषध सुरू झाले, हिमोग्लोबिन वाढले, की प्रवाह बदलतो आणि ‘जोडणी सुधारली’ असा निकाल हाती येतो. रक्त बदलले, आणि श्रेय मेंदूला गेले! यावर उपाय आहे. स्कॅनच्याच सकाळी हिमोग्लोबिन मोजायचे, औषधाची मात्रा आणि शेवटचे रक्त कधी चढवले त्याची तारीख लिहायची, आणि त्याच बैठकीत रक्तातल्या पाण्याला चुंबकीय खूण करून प्रवाह मोजणारा पाच मिनिटांचा स्कॅन घ्यायचा. यांपैकी एक जरी सुटले तर तो स्कॅन तुलनेला निरुपयोगी.

मुलाला टेबलावर घेण्याआधी कवटीबाहेरून डॉप्लर, म्हणजे ध्वनिलहरींनी रक्ताचा वेग मोजणारी तपासणी. मोठ्या धमनीतला वेग सेकंदाला २०० सेंमी किंवा अधिक असेल तर पक्षाघाताचा धोका मोठा असतो आणि नियमित रक्त चढवल्याने तो फार घटतो, हे १९९८ मध्येच सिद्ध झाले. असा वेग सापडला तर संशोधन बाजूला, मूल त्याच दिवशी उपचाराकडे.

आराखडा असा: ८ ते १२ वर्षांची १२० मुले, निम्मी सिकल सेलची, निम्मी त्यांचीच भावंडे किंवा शेजारची. प्रत्येकाचे चार स्कॅन, दोन-दोन वर्षांनी. दीड वर्षाचे अंतर कागदावर आटोपशीर दिसते, पण मग पहिला स्कॅन जानेवारीत आणि दुसरा जुलैत पडतो. सिकलच्या मुलाला ऋतू सोसत नाही, नागपूरच्या उन्हाचे तर विचारूच नका. दोन वर्षांनी तोच महिना येतो. वर्षाला ६० मुले, रविवारी दोन, म्हणजे ३० रविवार. एप्रिलच्या मध्यापासून जूनच्या मध्यापर्यंत काहीच नाही, दहावी-बारावीच्या परीक्षांच्या दिवसांत त्या मुलांना बोलवायचे नाही. उरलेले रविवार सण, यंत्राचा बिघाड आणि फसलेले स्कॅन पुन्हा घेणे यांत जातील. शेवटच्या भरतीतल्या मुलाचा चौथा स्कॅन आठव्या वर्षी, म्हणून आठ वर्षे.

टेबलावर मूल ७० मिनिटे असेल. त्यात स्वस्थ, म्हणजे काहीही न करता पडून राहण्याच्या, अवस्थेचे १२ मिनिटांचे तीन भाग, मध्ये उठून बसायची मोकळीक. पाच-सहा मिनिटांवर भागवू नये: इतक्या थोड्या डेटात त्याच माणसाचा नकाशा पुढच्या आठवड्यात वेगळा येतो. वॉशिंग्टन विद्यापीठाच्या गटाने २०१७ मध्ये दहा जणांचा प्रत्येकी पाच तासांचा डेटा प्रसिद्ध केला, तेव्हा एकेका माणसाची जोडणी किती वैयक्तिक आणि किती स्थिर असते ते स्पष्ट दिसले. (यंत्राचे भाडे रात्री स्वस्त म्हणून ते मध्यरात्री स्कॅन करत. आमचा रविवार त्याच जातीचा.)

मुले हलतात. दोन प्रतिमांमध्ये डोके ०.२ मिमीहून जास्त सरकले तर ती प्रतिमा टाकावी लागते. हालचालीने जवळच्या जोडण्या फुगतात, दूरच्या क्षीण दिसतात. लहान मूल जास्त हलते, मोठे कमी, म्हणून वयाबरोबर दूरच्या जोडण्या बळकट होतात असा भास आपोआप तयार होतो; २०१२ मध्ये हे उघड झाल्यावर वाढत्या वयावरचे अनेक निष्कर्ष पुन्हा तपासावे लागले. आदल्या दिवशी पुठ्ठ्याच्या नळीत, यंत्राचा आवाज मोबाइलवर लावून, सराव घ्यायचा. गुंगीचे औषध अजिबात नको, त्याने जोडणीच बदलते. कार्टून लावले तर मूल शांत राहते, पण पाहणाऱ्या मेंदूची जोडणी स्वस्थ मेंदूपेक्षा वेगळी असते; पहिल्या खेपेला फुलीचे चिन्ह दाखवले तर सहाही वर्षे फुलीच.

सकाळी सातला गडचिरोलीहून पोहोचायचे तर घर रात्रीच सोडावे लागेल. जागरण झालेल्या मुलाचा स्कॅन म्हणजे जागरणाचा स्कॅन. मुलाची आणि एका पालकाची शनिवारी रात्रीची राहण्याची सोय, एसटीचे भाडे आणि बुडालेली मजुरी, हा खर्च संशोधनाचाच भाग धरावा. नाहीतर ज्यांची परिस्थिती बिकट तीच कुटुंबे दुसऱ्या खेपेला येत नाहीत, मागे बरी असलेली मुले उरतात आणि आजार सौम्य होता असा निष्कर्ष निघतो. चहा कधी घेतला, उपास आहे का, मोठ्या मुलांना एकटे गाठून खर्रा (तंबाखू-सुपारी) खाल्ला का, हेही विचारावे लागेल. कॅफिन आणि निकोटीन दोन्ही रक्तवाहिन्यांवर परिणाम करतात.

यंत्रही म्हातारे होते. दर रविवारी पहिल्या मुलाआधी अ‍ॅगरच्या गोळ्याचा, म्हणजे यंत्र तपासण्यासाठी वापरायच्या फॅन्टमचा, २०० प्रतिमांचा स्कॅन घ्यायचा आणि संकेत किती सरकला ते नोंदवायचे. मध्येच हेड कॉइल (डोक्याभोवती बसणारा, संकेत टिपणारा भाग) बदलली, सॉफ्टवेअर नवे टाकले, तर सगळ्या मुलांचा मेंदू एका दिवसात बदललेला दिसतो. देखभाल कंत्राटात एक ओळ हवी: असा बदल करण्याआधी एक महिना लेखी सूचना, आणि बदलाआधी व नंतर त्याच पाच प्रौढांचे स्कॅन.

कच्चा डेटा पुसला जाऊ नये. रुग्णालयाच्या सर्व्हरवर जागा कमी पडली की जुन्या प्रतिमा जातात, आणि रिपोर्टची फिल्म आम्हाला उपयोगाची नाही. जागेची अडचण खरी नाही: ४८० भेटींचे सगळे मिळून १ टेराबाइटही होणार नाही. तीन प्रती, दोन वेगळ्या इमारतींत, नावे आणि चेहऱ्याचा भाग काढून.

पदे दोनच लागतील, एक एमआर टेक्निशियन आणि एक समन्वयक, पण अकरा महिन्यांच्या कंत्राटावर नकोत. मुलांचे पत्ते बदलतात, फोन बदलतात. कुटुंबाला ओळखणारा माणूस गेला की मूल हातचे जाते. सात वर्षांवरील मुलाची स्वतःची अनुमती आणि पालकांची संमती दर खेपेला नव्याने घ्यावी, आणि प्रत्येक स्कॅन रेडिओलॉजिस्टने त्याच आठवड्यात वाचावा. कुठे मूक जखम दिसली तर ती आमच्या संगणकात पडून राहता कामा नये.

एक गोष्ट आधीच मान्य करतो. १२० मुलांवरून बुद्धी किंवा स्वभाव आणि जोडणी यांचे नाते सांगता येणार नाही. त्यासाठी हजारो लागतात, हे २०२२ मध्ये पुरेसे स्पष्ट झाले आहे. या अभ्यासातला कोणताही नकाशा एखाद्या मुलाला हुशार किंवा मंद ठरवायला वापरू नये, आणि ‘ब्रेन मॅपिंग’च्या नावाने शाळांत अहवाल विकले जात असतील तर त्यांना आमचा आधार नाही. आमचा प्रश्न मुलाची तुलना त्याच्याच दोन वर्षांपूर्वीच्या मेंदूशी करण्याचा आहे.

नवे यंत्र मागत नाही. हिवाळी अधिवेशनात मांडल्या जाणाऱ्या पुरवणी मागण्यांत दोन पदे, एक डॉप्लर, फॅन्टम, राहण्या-प्रवासाची तरतूद, आणि त्यासोबत रविवारच्या चार तासांचा लेखी आदेश. डिसेंबरात आपण नागपुरात असाल. आदेश त्याच महिन्यात निघाला तर जानेवारीत सराव आणि फॅन्टम, फेब्रुवारीच्या पहिल्या रविवारी पहिले मूल.

आपले,
मेंदूच्या प्रतिमांचे विश्लेषण करणारे नागपुरातील काही कार्यकर्ते