युझावाचा एक दिवस: दुपारी दोनपर्यंत बर्फ, मग गरम पाणी

निशि-कासाई, टोकियो
८ डिसेंबर

प्रिय मित्रा,

तुझं पत्र मिळालं. जानेवारीतल्या तुमच्या टोकियो मुक्कामात एकच दिवस मोकळा आहे, त्यात स्की करून बघणं आणि ओन्सेन, म्हणजे गरम झऱ्याच्या पाण्यातलं स्नान, दोन्ही बसेल का, असं विचारलंयस. बसतं, आणि छान बसतं. फक्त एक गोष्ट आत्ताच मनाशी ठरवून ठेव: दुपारी दोन वाजता स्की काढायच्या. पाय दमलेले नसले तरी, नुकतंच जमायला लागलं असलं तरी. पहिल्यांदा स्की करणाऱ्यांचा दिवस सकाळी बिघडत नाही, तो बिघडतो शेवटच्या ‘अजून एकदा वर जाऊ’मध्ये. मांड्या थकलेल्या असतात, दिवसभर तुडवून बर्फाचे ढेकूळ झालेले असतात आणि उजेड सपाट होऊन उंचसखल दिसेनासं होतं. गुडघा मुरगळतो तो तेव्हा. आणि मुरगळलेला गुडघा घेऊन गरम पाण्यात उतरता येत नाही, सूज वाढते. म्हणजे दिवसाचे दोन्ही अर्धे गेले.

जागा माझ्या मते एकच, गाला युझावा. निइगाता प्रांतात आहे. टोकियो स्टेशनवरून जोएत्सु शिन्कानसेन या बुलेट ट्रेनने सव्वा तासाच्या आसपास. गालाचं स्टेशन १९९० च्या डिसेंबरात सुरू झालं आणि ते फक्त स्कीच्या हंगामातच चालू असतं. फलाटावरून वर आलास की समोरच भाड्याने सामान देणारा काउंटर, लॉकर आणि गोंडोला, म्हणजे बंद डब्यांचा रोपवे. रस्ता ओलांडावा लागत नाही. गाडीचं नाव ‘तानिगावा’ असेल तर ती थेट गालापर्यंत जाते का ते बघून घे, काही तानिगावा एक स्टेशन आधी, एचिगो-युझावाला संपतात. ‘तोकी’ नावाच्या गाड्या गालाला जातच नाहीत. एचिगो-युझावाला उतरलात तरी बिघडत नाही, तिथून गालाची मोफत बस पाचेक मिनिटांत पोचवते. एका बाजूचं तिकीट माणशी सुमारे ७००० येन पडतं. परदेशी पासपोर्टवर जेआर ईस्ट या रेल्वे कंपनीचा ‘टोकियो वाइड पास’ मिळतो, सलग तीन दिवस चालतो आणि त्यात ही गाडीही येते. त्याच तीन दिवसांत निक्कोला जाणार असाल तर पासच घ्या. शनिवार-रविवार टाळा. सातच्या सुमाराची गाडी पकडा, म्हणजे साडेआठपर्यंत काउंटरवर असाल.

तिथे इतका बर्फ का पडतो हे तुला सह्याद्रीवरून चटकन कळेल. सैबेरियाकडून येणारा थंड कोरडा वारा जपानचा समुद्र ओलांडताना ओल पिऊन घेतो आणि मधल्या डोंगररांगेला धडकून वर चढताना सगळी ओल बर्फ म्हणून टाकतो. रांगेच्या अलीकडे, टोकियोकडे येतो तो कोरडा वारा. कोकण आणि घाटमाथ्यावर कोसळून देशावर पाऊस आटतो, अगदी तसंच. शिन्कानसेन ही रांग २२ किलोमीटरच्या दाइशिमिझु बोगद्यातून पार करते. अलीकडे निळं आभाळ असलं तरी पलीकडे हिमवर्षाव चालू असू शकतो, म्हणून टोकियोतलं आकाश बघून कपडे ठरवू नका. आणखी एक: युझावा काही फार उंचावर नाही, त्यामुळे बर्फ ओलसर असतो. लोकरीचे हातमोजे अर्ध्या तासात चिंब होतात. पाणी न शिरणारे हातमोजे हवेत. हातमोजे, टोपी आणि गॉगल बहुतेक ठिकाणी भाड्याच्या संचात नसतात, ते विकत घ्यावे लागतात. जाकीट, पँट, बूट, स्की, काठ्या आणि हेल्मेट तिथे भाड्याने घ्या. आतून सुती बनियन नको. घामाने भिजलेलं सूत लिफ्टवर बसल्यावर अंगाला गारठा धरतं. पॉलिएस्टरचा किंवा मेरिनो लोकरीचा एकच थर पुरे, वर पातळ फ्लीस. जीन्स तर अजिबात नको.

आता बूट. दिवस बुटांवर अवलंबून असतो, म्हणून इथे वेळ घालवा. जपानात बुटाचं माप सेंटिमीटरमध्ये असतं. पायमोजा एकच, गुडघ्याखालपर्यंत येणारा आणि सुरकुती नसलेला. थंडी वाजेल म्हणून दोन जोड घातले की रक्त दाबलं जातं आणि पाय उलट जास्त गार पडतात. पाय आत गेला की टाच जमिनीवर दोन-तीनदा ठोक, म्हणजे ती मागच्या खळग्यात बसते. चार बकल असतात. आधी घोट्यावरचं, म्हणजे वरून दुसरं आवळ, मग सगळ्यात वरचं, आणि बोटांवरची दोन नुसती लागतील इतकीच. सरळ उभं राहिल्यावर बोटं पुढे टेकली पाहिजेत, गुडघे वाकवून नडगी बुटाच्या जिभेवर दाबली की ती जराशी मागे सरकली पाहिजेत. गुडघे वाकवल्यावरही बोटं दुमडलेली राहत असतील तर बूट लहान, टाच उचलली जात असेल तर मोठा. बदलून मागायला संकोच करू नकोस, तिथले लोक न कुरकुरता देतात. पँटच्या आतला इलॅस्टिकचा पडदा बुटाच्या बाहेरून ओढायचा. तो बुटात कोंबला तर तासाभरात नडगीला वळ उठतो. चालताना टाच आधी टेकव, जिन्यावर कठडा धर.

भाड्याच्या फॉर्मवर वजन, उंची, वय आणि अनुभव विचारतात. पडल्यावर बूट स्कीमधून किती जोराला सुटावा हे यावरून ठरतं. वजन वाढवून लिहिलं किंवा अनुभव ‘मध्यम’ लिहिला तर बाइंडिंग, म्हणजे बूट स्कीला धरून ठेवणारी कळ, घट्ट बसवलं जातं, ते वेळेवर सुटत नाही आणि पीळ गुडघ्यावर येतो. नवशिक्याला स्की हनुवटीपर्यंतची पुरे. काठीचं माप असं: काठी उलटी करून खालच्या चकतीच्या लगेच खाली मुठीत धर, कोपर काटकोनात आलं तर माप बरोबर.

स्की हातात घेऊनच गोंडोलाने वर जायचं, नवशिक्यांचे उतार वर आहेत. दोन तासांची शिकवणी आधीच आरक्षित करून ठेव, इंग्रजीत मिळते. नुसते व्हिडिओ बघून वर जाऊ नका. निइगाता ही तर जपानी स्कीची जन्मभूमीच. याच प्रांतातल्या ताकादा इथे १९११ साली थिओडोर फॉन लेर्ख या ऑस्ट्रियन अधिकाऱ्याने जपानी सैनिकांना पहिल्यांदा स्की शिकवली, तीही एकाच काठीवर.

स्की घालताना उताराला आडवा उभा राहा. आधी दरीच्या बाजूची स्की, मग डोंगराच्या बाजूची. बुटाच्या तळाचा बर्फ काठीने खरवडून टाक, तो राहिला तर बाइंडिंग लागत नाही. नवशिक्यांची निम्मी झटापट इथेच होते. चवडा पुढच्या खाचेत, मग टाच दाबून ‘खट्ट’ आवाज. पहिली पंधरा मिनिटं एकाच पायात स्की घालून सपाटीवर घसरायचं, मग खेकड्यासारखं आडवं चढायचं. त्यानंतर नांगर, म्हणजे स्की फाकवून वेग आवरणं. शिक्षक ‘हाचि नो जि’ म्हणेल. हाचि म्हणजे आठ. जपानी आकडा आपल्या आठासारखा नाही, तो म्हणजे वर जवळ आलेल्या आणि खाली फाकलेल्या दोन रेघा. स्कींचा आकारही तसाच करायचा: पुढची टोकं एक वीतभर अंतरावर आणि टाचा बाहेर रेटलेल्या. टोकं एकमेकांवर चढली की पडायला होतं. टाचा जितक्या बाहेर, तितक्या आतल्या कडा बर्फात रुततात आणि वेग कमी होतो. वळायला खांदे फिरवायचे नाहीत. उजव्या पायावर वजन दिलं की डावीकडे वळतं, डाव्यावर दिलं की उजवीकडे.

तुझ्यासारख्या गडकिल्ले भटकणाऱ्याची खरी अडचण पुढे आहे. सिंहगडाच्या घसाऱ्यावरून उतरताना आपण टाच रोवतो आणि अंग मागे ठेवतो, ती सवय पायात भिनलेली असते. स्कीवर नेमकं उलटं आहे. मागे रेललं की स्कीच्या पुढच्या भागावरचं वजन जातं, तो भाग बर्फ धरत नाही, नांगर लागत नाही आणि स्की खालून पळून जातात. भीती वाटली की माणूस मागे जातो, मागे गेला की वेग वाढतो, वेग वाढला की आणखी मागे. यातून सुटायचा उपाय एकच, नडगी बुटाच्या जिभेवर दाबून ठेवणं. हात समोर, ताट धरल्यासारखे. नजर स्कीच्या टोकांवर नको, दहा पावलं पुढे. तरीही वेग आवरत नसेल तर ठरवून कुशीवर, डोंगराच्या बाजूला बसकण मार. हात टेकू नकोस आणि काठी सोडून दे. काठी मुठीत धरून हातावर पडलं की अंगठ्याच्या बुडाचा अस्थिबंध दुखावतो, स्की करणाऱ्यांची ही नेहमीची इजा आहे. उठताना स्की शरीराच्या खालच्या बाजूला आणि उताराला आडव्या आण, नाहीतर उभा राहताच घसरशील.

लिफ्टवर बसताना दोन्ही काठ्या एका हातात घे आणि मागे बघत राहा. उतरताना स्कीची टोकं वर, जमिनीवर रेघ दिसली की उभं राहायचं आणि सरळ घसरत दूर जायचं. पडलात तर लगेच बाजूला सरका, कर्मचारी लिफ्ट थांबवतो. वहिनींना आधीच सांग, तिथे कोणी रागावत नाही. खाली येताना गोंडोलाच घ्या. पायथ्यापर्यंत जाणारी फाल्कन ही अडीच किलोमीटरची वाट नवशिक्यांची नाही.

जेवण साडेअकरालाच उरका, बारानंतर जागा मिळत नाही. वहिनी शाकाहारी आहेत, म्हणून सांगतो: वरच्या उपाहारगृहातल्या करी-राइसच्या रश्शात मांस असतं आणि सोबा-उदोन या शेवयांच्या पाण्यात माशाचा अर्क. थेपले, चटणी आणि शेंगदाण्याची चिक्की पिशवीत असू द्या.

दोनला खाली, तीनपर्यंत सामान परत. गालाच्या इमारतीतही स्नानगृह आहे, पण मी तुम्हाला एचिगो-युझावालाच पाठवेन. ‘यामा नो यु’ म्हणून गावाचं जुनं, छोटं स्नानगृह आहे, स्टेशनपासून चालत वीसेक मिनिटांवर, शेवटचा टप्पा चढाचा. पाण्याला गंधकाचा मंद वास येतो, आपल्या वज्रेश्वरीची आठवण होईल असा. सुट्टीचा वार आधी बघून घ्या. चालताना बूट जलरोधक हवेत. या गावांत बर्फ वितळवायला रस्त्याच्या मधोमध बसवलेल्या नळ्यांतून भूजलाचे फवारे उडत असतात. पाण्यातल्या लोहाने रस्ते तांबूस झालेत आणि कडेला घोट्याएवढा बर्फाळ चिखल असतो. हवा फारच खराब असेल तर चालू नका, एचिगो-युझावा स्टेशनातच साके, म्हणजे तांदळाची दारू, मिसळलेल्या पाण्याचं स्नानगृह आहे.

ओन्सेन हा शब्द तिथे कायद्याने बांधलेला आहे. १९४८ च्या कायद्याप्रमाणे जमिनीतून निघताना पाणी निदान २५ अंशांचं हवं, किंवा ठरवलेल्या १९ घटकांपैकी एखादा तरी त्यात पुरेसा हवा.

दाराशी बूट काढून कप्प्यात ठेवा. पुढे दोन पडदे असतात. बहुधा निळा पुरुषांचा आणि लाल बायकांचा, पण रंगावर विसंबू नकोस. ज्या अक्षराच्या डोक्यावर चार खणांची खिडकी दिसते ते पुरुषांचं. आत सगळे कपडे काढावे लागतात, पोहण्याचा पोशाखही चालत नाही. आपल्याकडे कुंडात कपड्यांनिशी उतरायची रीत, त्यामुळे वहिनींना संकोच वाटेल. पहिली दोन मिनिटं अवघड जातात, कोणी कोणाकडे बघत नाही हे कळलं की संकोच ओसरतो. तरी नकोच वाटलं तर काही हॉटेलांत तासावर घेता येणारी खासगी न्हाणी असते, तिला ‘काशिकिरी’ म्हणतात. चांदीची जोडवी आणि पैंजण आधी काढून ठेवायला सांग, गंधकाने चांदी काळी पडते. वहिनींच्या मनगटावरचं गोंदण लहान असलं तरी टॅटूच समजलं जाईल. त्यावर कातडीच्या रंगाची पट्टी लावा आणि काउंटरवर विचारा.

मोठा टॉवेल बाहेर, लहान आत. बुटक्या स्टुलावर बसून साबणाने अंग धुवायचं, उभं राहून नाही, शेजाऱ्यावर पाणी उडतं. साबणाचा कणही अंगावर राहता कामा नये. मग पायांपासून वर, तांब्या-तांब्याने गरम पाणी अंगावर घ्या. याला ‘काकेयु’ म्हणतात. हे चुकवू नका, कारण दिवसभर गारठलेलं शरीर एकदम ४१-४२ अंशांच्या पाण्यात गेलं की रक्तदाब झपकन बदलतो आणि चक्कर येते. कुंडात केस बुडू द्यायचे नाहीत, टॉवेलही नाही. तो घडी करून डोक्यावर. पहिल्यांदा आठ-दहा मिनिटं, बाहेर बसून थंड व्हायचं, मग पुन्हा तेवढंच. निघताना कपडे बदलायच्या खोलीत पाय ठेवण्याआधी लहान टॉवेलने अंग पुसून घ्या, तिथली जमीन ओली करणं असभ्य मानतात.

आत जाण्याआधी अर्धा लिटर पाणी प्या. बर्फात घाम येतो तो कळत नाही. आणि साके आंघोळीनंतर, आधी नव्हे. एचिगो-युझावा स्टेशनात ‘पोन्शुकान’ आहे, तिथे निइगाताच्या भट्ट्यांच्या साकेची यंत्रं भिंतभर लावलेली आहेत. टोकन घालायचं, छोटा पेला भरून घ्यायचा, जोडीला मीठ नाहीतर काकडी. तिथलाच कोशिहिकारी तांदळाचा मोठा ओनिगिरी, म्हणजे भाताचा गोळा, घ्या, वहिनींसाठी आत उमेबोशी हे आंबट फळ घातलेला मागा. परतीचं आरक्षण सहाच्या पुढचं करा, म्हणजे कुंडात घड्याळ बघावं लागणार नाही.

आता एक काम तुझ्याकडे. भिंतीला टाच लावून कागदावर उभा राहा, संध्याकाळी, कारण तेव्हा पाय जरा पसरलेला असतो. सगळ्यात लांब बोटापर्यंतचं अंतर सेंटिमीटरमध्ये मोज. दोन्ही पायांचं, तुझं आणि वहिनींचं. सोबत उंची आणि खरं वजन लिही. २० तारखेच्या आत कळव, म्हणजे मी इथून सामान आणि शिकवणी दोन्ही आरक्षित करून ठेवतो.

काका-काकूंना नमस्कार सांग.

तुझा,
जुना मित्र